जिना रस्त्याला मिळतो तिथं

भुयारी मेट्रोचं स्थानक बांधतात जमिनीखाली, पण ते चांगलं होणार की वाईट हे ठरतं रस्त्यावर. वीसेक वर्षं या कामात गेल्यावर माझं हे मत इतकं पक्कं झालंय, की नव्या स्थानकाचा विषय निघाला की मी पहिल्यांदा विचारते, जिना कुठं निघतोय? फलाटाची लांबी डब्यांवरून ठरते, खोली बोगद्याच्या रेषेवरून, खांबांमधलं अंतर स्ट्रक्चरवाले ठरवतात. आर्किटेक्टच्या हाती खऱ्या अर्थानं उरतं ते माणसाला रस्त्यावरून खाली नेणं आणि परत रस्त्यावर आणून सोडणं. ऐकायला हे सोपं आहे. एका दाराच्या जागेसाठी वर्षानुवर्षं बैठका चाललेल्या मी पाहिल्या आहेत.

मी शिकून बाहेर पडले तेव्हा भारतात भुयारी मेट्रो म्हणजे फक्त कोलकाता. ऑक्टोबर १९८४मध्ये एस्प्लनेड ते भवानीपूर अशा साडेतीन किलोमीटरही न भरणाऱ्या टप्प्यावर ती सुरू झाली होती. कॉलेजात स्थानक म्हणून आम्ही जे डिझाइन केलं ते एसटी स्टँडचं. दिल्लीत एका सल्लागार कंपनीत नोकरी लागली तेव्हा जमिनीखालच्या बांधकामाचं जे काही शिक्षण झालं ते तिथंच, काम करता करता. दिल्ली मेट्रोची पहिली गाडी डिसेंबर २००२मध्ये शाहदरा ते तीस हजारी धावली, ती पुलावरून. भुयारी भाग दोन वर्षांनी सुरू झाला, विश्वविद्यालय ते काश्मिरी गेट. आणि जुलै २००५मध्ये तो चावडी बाजार, राजीव चौक करत केंद्रीय सचिवालयापर्यंत पोचला. त्या दिवसांत कामाचा वेग असा, की सकाळी काढलेलं ड्रॉइंग संध्याकाळी साइटवर मागत.

आमचे वरिष्ठ सगळी हयात दिल्लीत गेलेले बंगाली गृहस्थ होते. त्यांचा एकच धोशा असे: आधी सेक्शन म्हणजे उभा छेद काढ, प्लॅन मागाहून. इमारतीचा नकाशा वरून बघायची सवय आम्हाला कॉलेजनं लावलेली. इथं तसं चालत नाही. वर रस्ता, त्याची पातळी शहरानं ठरवलेली. खाली रूळ, त्यांची पातळी बोगदेवाल्यांनी ठरवलेली. रस्त्याखाली दोन-तीन मीटर माती सोडायची, कारण तिच्यातून पाण्याच्या लाइनी, ड्रेनेज आणि केबल्स जातात. मग छताचा स्लॅब, त्याखाली तिकिटांचा मजला म्हणजे कॉन्कोर्स, त्याखाली फलाट. प्रत्येक मजल्याच्या छतात हवेचे डक्ट, फायरचे पाइप आणि केबलचे ट्रे एकमेकांच्या अंगावर येतात. साधारण पंधरा-वीस मीटरच्या खोलीत हे सगळं बसवून उरेल ती माणसांची उंची. त्यातली दहा सेंटिमीटर वाचवण्यासाठी मी एअर कंडिशनिंगच्या इंजिनीअरांशी जितकी भांडले, तितकी घरातही कुणाशी भांडले नसेन. बाहेरच्यांना ठाऊक नसतं, पण स्थानकाचा जवळजवळ निम्मा भाग प्रवाशाला कधी दिसतच नाही. तिथं पंखे, सबस्टेशन, सिग्नलच्या खोल्या आणि पंप असतात. या न दिसणाऱ्या निम्म्या भागाला आधी जागा द्यावी लागते, आणि ती मोठ्या मनानं दिली तरच दिसणारा निम्मा भाग मोकळा राहतो. हे पटायला मला बराच काळ लागला.

त्याच वरिष्ठांनी आम्हाला आणखी एक सवय लावली. स्थानक सुरू झालं की गर्दीच्या वेळी तिथं जाऊन उभं राहायचं आणि फक्त माणसांचे पाय बघायचे. चावडी बाजारचं स्थानक त्या वेळी दिल्लीतलं सर्वांत खोल. वर गल्ल्या इतक्या अरुंद की मोठा खड्डा खणायला जागा नाही, म्हणून बराचसा भाग खालूनच खडक पोखरत काढला होता. सुरुवातीच्या महिन्यांत तिथं येणारे कितीतरी लोक आयुष्यात पहिल्यांदा सरकत्या जिन्यावर पाय ठेवत होते. जिन्याच्या तोंडाशी येत, थबकत, पदर सावरत, मुलाचा हात घट्ट धरत, मागचा ढकलेपर्यंत थांबत. वर पोचल्यावर पुन्हा तेच. उतरले की दोन पावलांवर उभे राहून, आता कुठं जायचं, म्हणून चहूकडं बघत. मागून जिना माणसं आणून ओततच असे. सरकत्या जिन्याच्या दोन्ही टोकांना मोकळी जागा सोडायची, हे मानकात लिहिलेलं होतं आणि आम्ही तो आकडा पाळलाही होता. पण मानकातला माणूस थबकत नाही. चावडी बाजारातला माणूस थबकतो, कारण त्याच्या डोक्यावर गाठोडं आहे आणि त्याला पाटी वाचता येत नाही. तेव्हापासून जिन्याच्या टोकाला मी मानकापेक्षा जास्तच जागा ठेवते आणि तिथून बाहेरचं दार थेट नजरेला पडेल अशी रचना मागते. एकदा जागा कमी पडत होती, तर एक दुकानाचा गाळा कापायला लावला. महसूलवाल्यांनी नाराजी दाखवली. तो गाळा परत आला नाही.

मुंबईत आले ती कुलाबा-वांद्रे-सीप्झ मार्गाच्या कामासाठी. साडेतेहतीस किलोमीटर, सत्तावीस स्थानकं, त्यांतली सव्वीस जमिनीखाली. दिल्लीत जमीन मिळत होती. मुंबईत फूटपाथसुद्धा मिळत नव्हता. आठ डब्यांच्या गाडीसाठी फलाटच १८० मीटरच्या आसपास लागतो. एवढी लांबी गिरगाव-काळबादेवीत उघड्या खड्ड्यात मिळवायची तर दोन्ही बाजूंची घरं जातील. म्हणून तिथंही फलाटाची पोकळी खालून, बसाल्ट फोडत काढायचं ठरलं आणि वरून फक्त दारांपुरती आणि हवेच्या शाफ्टपुरती जागा उघडायची. तरी काही जुन्या इमारती पाडाव्या लागणारच होत्या. तिथल्या रहिवाशांना त्याच परिसरात घरं द्यायचं धोरण होतं, पण धोरण कागदावर आणि माणसं चाळीत.

एका वाडीत संध्याकाळी बैठक होती. गॅलरीत सतरंजी घातलेली, भिंतीला टेकून म्हातारी माणसं, कठड्यावर पोरं. मी ड्रॉइंग पसरलं. त्यात पाडायच्या इमारती तिरक्या रेषांनी भरलेल्या, जशा आम्ही सगळीकडं दाखवतो. एक आजी चष्मा सारखा करत पुढं सरकल्या आणि म्हणाल्या, “बाळ, यात माझी खोली कुठली? दाखव बघू.” तिरक्या रेषांत खोल्या नव्हत्याच. मी रस्त्याच्या कडेवरून अंदाज घेत बोट ठेवलं. त्यांनी तिथं आपलं बोट ठेवलं आणि शेजारच्या बाईला सांगितलं, “हे बघ, आपण इथं.” पुढच्या बैठकीला आम्ही नवीन ड्रॉइंग नेलं. प्रत्येक इमारतीचं नाव, मजले, जिना, सार्वजनिक नळ, सगळं त्यात होतं. लोक त्या कागदाभोवती दाटीनं बसले आणि त्या दिवशी पहिल्यांदा आरडाओरडा न होता प्रश्न आले. काम फारसं वाढलं नाही, एका मुलीचे दोन-तीन दिवस गेले. पण त्यानंतर कुठल्याही शहरात लोकांपुढं नेण्याच्या ड्रॉइंगवर मी नावं लिहायला लावते.

त्या बैठकीतला एक प्रश्न मला अजून पुरून उरतो. गिरणीतून निवृत्त झालेले एक काका म्हणाले, “आमच्या जागेवर येणार काय?” मी सांगितलं, एक दार आणि हवेचा शाफ्ट. ते म्हणाले, “जिना येत असता तर एक वेळ समजलो असतो, माणसं ये-जा करतील. हवेच्या चिमणीसाठी आम्ही घर सोडायचं?”

मग मी त्यांना लंडनच्या किंग्ज क्रॉसची हकिगत सांगितली. १८ नोव्हेंबर १९८७च्या संध्याकाळी तिथल्या लाकडी सरकत्या जिन्याखाली कुणाची तरी पेटती काडी पडली, खाली साठलेलं ग्रीस आणि कचरा पेटला आणि ज्वाळा जिन्याच्या तिरक्या खोबणीतून धावत वरच्या तिकीट हॉलमध्ये फुटल्या. एकतीस माणसं गेली. फेब्रुवारी २००३मध्ये दक्षिण कोरियात दैगू इथं एका माणसानं डब्यात आग लावली आणि १९२ जण दगावले, बरेचसे धुरानं. जमिनीखाली माणूस ज्या दिशेनं बाहेर पळतो, धूरही त्याच दिशेनं वर चढतो. धुराला वेगळी वाट दिली नाही तर तो माणसाची वाट घेतो. ती वेगळी वाट म्हणजेच शाफ्ट. जगभर वापरलं जाणारं एनएफपीए १३० हे मानक सांगतं, की फलाट चार मिनिटांत रिकामा झाला पाहिजे आणि सहा मिनिटांत शेवटचा माणूस सुरक्षित जागी पोचला पाहिजे. हा हिशेब करताना एक सरकता जिना बंद पडलाय असंही धरायचं. मी हे सगळं मराठीत, हातवारे करून सांगितलं. काका शांतपणं ऐकत होते. शेवटी म्हणाले, “मग तुमच्या चिमणीचं तोंड रस्त्याकडं करा. मागच्या वाडीतली पोरं खेळतात तिथं नको.” शाफ्टच्या जाळ्या कुठल्या दिशेला तोंड करून असाव्यात, याचा इतका नेमका विचार आमच्या ड्रॉइंगमध्ये तोवर झालेला नव्हता. जाळ्या रस्त्याच्या बाजूला गेल्या. ऑक्टोबर २०२५मध्ये त्या पट्ट्यातली स्थानकं सुरू झाली तेव्हा मी मुद्दाम त्या बाजूनं चालत गेले होते.

मुंबईतलं दुसरं मोठं शिक्षण पाण्याचं. त्याचे दोन भाग आहेत, खालचं पाणी आणि वरचं पाणी. खालच्या पाण्याबद्दल सामान्य माणसाला आश्चर्य वाटेल अशी गोष्ट म्हणजे रिकामं स्थानक वर तरंगू पाहतं. समुद्राजवळच्या जमिनीत पाणी वरच असतं. त्यात एवढी मोठी पोकळ पेटी बसवली की पाणी तिला खालून उचलतं. म्हणून तळाचा राफ्ट जाड करायचा, गरज पडली तर तो खालच्या खडकाला लोखंडी अँकरनं जखडायचा, आणि पुरेसं वजन चढेपर्यंत पाणी उपसणारे पंप बंद करायचे नाहीत. एका साइटवर रात्री वीज गेली आणि जनरेटर सुरू व्हायला उशीर झाला, तेव्हा पंप चालवणारा झारखंडचा मुलगा खड्ड्याच्या तळाशी टॉर्च घेऊन पाण्याची पातळी बघत उभा राहिला होता. दर थोड्या वेळानं तो वर ओरडून सांगायचा, किती चढलं. अशा माणसांच्या भरवशावर हे काम चालतं, आणि उद्घाटनाच्या मांडवात ती कुठं दिसत नाहीत याचं मला दरवेळी वाईट वाटतं.

वरचं पाणी म्हणजे पाऊस. २६ जुलै २००५ला सांताक्रूझच्या वेधशाळेत चोवीस तासांत ९४४ मिलिमीटर पाऊस नोंदला गेला. तेव्हापासून मुंबईतल्या कुठल्याही दाराच्या जोत्याची उंची ठरवताना त्या दिवसाचं नाव निघतंच. आमच्याकडं पुराच्या पातळीचा अधिकृत आकडा होता. पण तो परिसराचा आकडा होता, गल्लीचा नव्हे. मध्य मुंबईतल्या एका दारासाठी मी आणि आमचा सर्व्हेअर एक अख्खी दुपार दुकानादुकानांतून फिरलो. “त्या दिवशी पाणी कुठवर आलं होतं?” एवढं एकच विचारायचं. चहावाल्यानं भिंतीवर हात ठेवला, “मॅडम, इथवर.” वाण्यानं सर्वांत खालची फळी दाखवली, पुरानंतर ती त्यानं वीतभर वर घेतली होती आणि जुन्या खिळ्यांची भोकं अजून दिसत होती. देवळाच्या पुजाऱ्यानं पायऱ्या मोजून सांगितल्या. सर्व्हेअर प्रत्येक खुणेची लेव्हल घेत गेला. रात्री आकडे मांडले तर रस्त्याच्या एका बाजूच्या खुणा दुसऱ्या बाजूपेक्षा गुडघाभर वर निघाल्या, आणि आमचं दार त्याच बाजूला होतं. जोतं वाढवलं.

वाढवल्यावर दुसरं भांडण सुरू झालं. स्थानिक नगरसेवक म्हणाले, “खाली उतरायचंय तर आधी वर कशाला चढायचं? म्हाताऱ्या माणसांनी काय करायचं?” प्रश्न अगदी रास्त होता. चार पायऱ्या वर चढायच्या म्हणजे सोबत रॅम्प आला, रॅम्पला उतार सौम्य हवा म्हणून लांबी आली, आणि लांबी कुठून आणायची तर फूटपाथमधून, जो आधीच दीड माणसाचा. शेवटी रॅम्प वळवून लिफ्टच्या भिंतीला लागून नेला, लिफ्टचं दारही त्याच उंचीवर घेतलं आणि जिन्याच्या दोन्ही भिंतींत खाचा ठेवल्या, पूर आला तर फळ्या अडकवायला. त्या खाचांकडं येणाऱ्या-जाणाऱ्याचं लक्षही जात नाही. मे २०२५च्या शेवटी, अवकाळी म्हणावा अशा पावसात, आचार्य अत्रे चौक स्थानकाच्या बांधकाम चालू असलेल्या दारातून पाणी आत शिरलं तेव्हा साऱ्या मुंबईनं ते बघितलं. भुयारी स्थानकाचं अपुरं दार हा पावसाळ्यातला सगळ्यांत नाजूक भाग असतो. काम किती टक्के झालं हे विचारणाऱ्यांनी दारं किती पुरी झाली हे वेगळं विचारलं पाहिजे, असं मी प्रत्येक आढाव्यात म्हणत आले आहे.

दारांवर जगात फार सुंदर काम झालेलं आहे. पॅरिसमध्ये १९०० साली एक्तोर गिमार यानं ओतीव लोखंडाची वेलींसारखी वळणारी दारं केली. ती आजही उभी आहेत. बिल्बाओच्या मेट्रोला नॉर्मन फॉस्टरनं १९९५मध्ये काचेची कमानदार तोंडं दिली आणि लोकांनी त्यांना लाडानं फॉस्टेरितो म्हणायला सुरुवात केली. लंडनमध्ये कॅनरी व्हार्फला त्याच फॉस्टरच्या काचेच्या छताखाली मी बराच वेळ उभी होते. त्या जुबिली मार्गाच्या विस्तारावर रोलंड पाओलेत्ती हा मुख्य आर्किटेक्ट होता आणि त्यानं प्रत्येक स्थानक वेगळ्या आर्किटेक्टला दिलं. मला तिथं सौंदर्यापेक्षा एक साधी गोष्ट भावली. फलाटावरून वर येताना कुठलीही पाटी न वाचता कळतं की बाहेर कुठं आहे, कारण उजेड तिकडून येतो.

पुण्याच्या जिल्हा न्यायालय स्थानकात हे आपल्याकडं अनुभवायला मिळतं. जमिनीखाली सुमारे ३३ मीटर. देशातल्या सर्वांत खोल स्थानकांपैकी एक. वर पुलावरचा मार्ग, खाली भुयारी मार्ग, दोन्हींची अदलाबदल तिथं होते. वरून ठेवलेल्या मोकळ्या भागातून ऊन थेट आत उतरतं. एवढ्या खोलीवर उन्हाचा तुकडा पडलेला बघून माणसं क्षणभर वर बघतात आणि मग आपोआप त्या बाजूला चालू लागतात. मी विद्यार्थ्यांना तिथं नेते. संगमरवर, चित्रं, रंगीत छत, हे सगळं असावं, मला ते आवडतं. मॉस्को मेट्रोचं मायाकोवस्काया स्थानक बघून कुणाचं मन भरत नाही? पण पैसा कमी असेल आणि एकच गोष्ट मागायची असेल तर मी उजेड मागेन.

ज्यांना उजेड दिसत नाही, त्यांच्यासाठी काय, हा प्रश्न मला एका बँकेत काम करणाऱ्या गृहस्थांनी शिकवला. ते जन्मांध. एका तयार स्थानकाची तपासणी करायला आम्ही त्यांना बोलावलं होतं. जमिनीवरच्या उठावाच्या पिवळ्या फरशा तुम्ही पाहिल्या असतील. जपानमध्ये सेइची मियाके यांनी १९६५मध्ये त्या तयार केल्या आणि १९६७मध्ये ओकायामा शहरात पहिल्यांदा बसवल्या. रेघांची फरशी म्हणजे चालत राहा, ठिपक्यांची म्हणजे थांब. हे गृहस्थ काठी टेकवत भराभर चालत होते. एका ठिकाणी रेघा सरळ एका जाहिरातीच्या स्टँडपाशी जाऊन थांबल्या. स्टँड नंतर कुणीतरी आणून ठेवला होता. ते हसले नाहीत, रागावलेही नाहीत. म्हणाले, “हे रोजचं आहे. फरशी तुम्ही घालता, वस्तू दुसरे ठेवतात.”

मग फलाटावर त्यांनी एक गोष्ट सांगितली जी मी कुठल्याही पुस्तकात वाचलेली नव्हती. लोकलच्या फलाटावर गाडी येतेय हे त्यांना वाऱ्यावरून कळतं, आणि बोगद्यात तर गाडी हवा पुढं ढकलत येते म्हणून आणखी आधी कळतं. पण नव्या भुयारी फलाटांवर काठाला छतापर्यंत काचेची दारं असतात. त्यांच्यामुळं कुणी रुळांवर पडत नाही, एअर कंडिशनिंगही वाया जात नाही. मी त्या दारांच्या पूर्ण बाजूनं आहे. फक्त वारा थांबतो. “आता गाडी आली ते मला शेजारच्याच्या चालण्यावरून कळतं,” ते म्हणाले. त्यानंतर दार उघडण्याचा आवाज, तो कुठून येतो, किती मोठा, दोन्ही बाजूंच्या गाड्यांचा वेगळा ओळखू येतो का, हे आमच्या तपासणीच्या यादीत आलं. ध्वनी हा विषय त्याआधी फक्त घोषणांच्या स्पीकरपुरता होता.

पाट्यांबद्दलही बोलायला हवं, कारण त्यावर मी पुष्कळ भांडले आहे. परदेशी सल्लागारांनी दिलेल्या पाट्यांच्या साच्यात रोमन अक्षरांची उंची ठरलेली असते आणि देवनागरी त्याच उंचीत कोंबतात. रोमनमध्ये जी उंची अक्षराला मिळते, त्याच उंचीत देवनागरीला वेलांटी, मात्रा, अनुस्वार वर आणि उकार खाली बसवावे लागतात. परिणाम असा, की मूळ अक्षर बारीक होतं आणि लांबून वाचताना ‘गिरगाव’मधली वेलांटी आधी नाहीशी होते. आम्ही भर कॉन्कोर्समध्ये कागदी नमुने चिकटवून, वेगवेगळ्या वयाच्या लोकांना लांब उभं करून वाचायला सांगितलं. सफाई करणाऱ्या एका मावशींनी सर्वांत लांबून वाचून दाखवलं ते मोठ्या अक्षरांचं आणि ओळींत मोकळी जागा असलेलं. त्या नमुन्याचा फोटो जोडून टिपण पाठवलं. देवनागरीची उंची वाढवून मिळाली. पूर्ण मागितली तेवढी नाही, पण मिळाली.

एका वारसा परिसरातल्या दारावर छत असावं की नसावं, यावर मात्र मी हरले. समितीचं म्हणणं, जुन्या इमारतीचा दर्शनी भाग झाकला जाता कामा नये. ते मला मान्य होतं. माझं म्हणणं, चार महिने कोसळणाऱ्या पावसात उघडा जिना म्हणजे निसरडा जिना. मी पातळ काचेचं छत सुचवलं, उंची कमी केली, मॉडेल करून नेलं. छत नाकारलं गेलं. मग पायऱ्यांच्या कडांना खरखरीत पट्ट्या, प्रत्येक टप्प्यावर पाण्याची जाळी आणि पावसाळ्यात तो जिना बंद करून शेजारचा वापरायची सूचना, एवढ्यावर भागवावं लागलं. दोन्ही बाजू आपापल्या जागी खऱ्या असतात तेव्हा कुणालाच पुरं समाधान न देणारं दार तयार होतं, आणि रोजचा प्रवासी त्याची किंमत मोजतो. माझं मत आजही बदललेलं नाही. पावसाच्या शहरात जिन्यावर छत हवंच.

अलीकडं मी स्थानकाच्या आतलं काम तरुणांवर सोपवलंय आणि दाराबाहेरच्या शंभर मीटरमध्ये जास्त वेळ घालवते. मेट्रोची हद्द शेवटच्या पायरीला संपते. पुढं महापालिका. त्या रेषेवर काय होतं ते बघायला कुठल्याही दारापुढं संध्याकाळी सहाला उभं राहा. चकचकीत ग्रॅनाइटची पायरी, तिच्यापुढं वीतभर उंच कठडा, त्यावर विजेची पेटी, आणि रिक्षा पकडायला लोक रस्त्यात उतरलेले. व्हीलचेअरवरचा माणूस लिफ्टनं थाटात वर येतो आणि इथं येऊन अडतो. एवढे कोटी खर्चून आपण त्याला ज्या जागी आणून सोडलं, तिथून तो घरी जाऊ शकत नसेल तर आतल्या लिफ्टचा त्याला काय उपयोग?

एका शहरात अशाच दारासाठी मी वॉर्डच्या उपअभियंत्यांना फोन केला. ते म्हणाले, “मॅडम, ते तुमच्या हद्दीत येत नाही.” मी म्हटलं, “तुमच्या तर येतं ना? मग या, दोघं मिळून बघू.” ते आले. मी बरोबर एक रिकामी व्हीलचेअर नेली होती आणि त्यांना ढकलायला दिली. लिफ्टपासून बस थांब्यापर्यंत जायचं होतं. कठड्यापाशी त्यांनी खुर्ची मागं कलती करून चढवायचा प्रयत्न केला, पुढं पेटीला वळसा घालायला जागा नव्हती म्हणून रस्त्यात उतरवली, आणि मागून बसनं हॉर्न दिला. त्यांनी खिशातून खडू काढला आणि जिथं जिथं उतार हवा तिथं स्वतः खुणा केल्या. चार ठिकाणं निघाली. तीन उतार महिन्याभरात झाले, बस थांबा दाराकडं सरकवायचं पत्र परिवहन विभागाला गेलं. चौथी जागा विजेच्या पेटीमुळं अडली आहे. ती हलवायला वीज वितरणवाल्यांची मंजुरी लागते, आणि खोदकामाची परवानगी पावसाळ्यात मिळत नाही. म्हणून मेच्या आत पेटी हलावी यासाठी मी आणि ते उपअभियंते आठवड्याला एक फोन करतो आहोत.